ॐ म्हटल्यावर वाळूत श्रीयंत्र उमटतं, हे खरं का नाही

फॉरवर्ड बहुतेकांनी पाहिलंय. काळी प्लेट, तिच्यावर पांढरी वाळू, मागे ॐकाराचा आवाज आणि बघता बघता वाळूची नक्षी. सोबतच्या मजकुरात चार दावे असतात: ॐच्या नादाची आकृती म्हणजे श्रीयंत्र, प्रत्येक मंत्राची भूमिती ठरलेली असते, 432 हर्ट्झला नक्षी सुरेख येते, 440ला विस्कटते, आणि शरीरात पाणीच जास्त असल्यामुळे हीच नक्षी आपल्या आतही उमटते. वाळूची नक्षी खरी आहे. हे चार दावे मात्र नाहीत.

‘ॐची आकृती म्हणजे श्रीयंत्र’

प्लेट कंप पावते तेव्हा काही भाग वर-खाली होतो आणि काही रेषा जागच्या जागी स्थिर राहतात. त्या निस्पंद रेषा. उडणारी वाळू शेवटी तिथे जाऊन बसते. रेषेच्या एका बाजूचा पत्रा वर जातो तेव्हा दुसऱ्या बाजूचा खाली जातो, म्हणून अशी रेषा मध्येच तुटत नाही आणि चौकटीच्या कोपऱ्यासारखी खटकन वळतही नाही. ती वळते ती बाक घेऊन.

आता श्रीयंत्र डोळ्यांसमोर आणा. 4 ऊर्ध्वमुख आणि 5 अधोमुख असे 9 त्रिकोण, म्हणजे 27 टोकं, आणि एकही टोक गोलावलेलं नाही. शिवाय ही आकृती डावी-उजवी सारखी असली तरी वर-खाली सारखी नाही. उलटी धरली तर 5 ऊर्ध्वमुख होतात. मधोमध स्क्रू लावून हलवलेली चौकोनी प्लेट अशी आकृती देणार कशी? तिच्या चारही बाजू सारख्या, त्यामुळे नक्षीही चारही बाजूंनी सारखी येते. गोल प्लेट मधोमध हलवली तर एकात एक वर्तुळंच मिळतात. प्लेट मुद्दाम एका कडेला पकडली तर डावी-उजवी सममिती मिळेल, हे मान्य. पण टोकं तरीही मिळत नाहीत. त्यातून श्रीयंत्रात कित्येक ठिकाणी तीन-तीन रेषा नेमक्या एका बिंदूत छेदतात (मर्मस्थानं म्हणतात ती). वाळूत असा छेद टिकत नाही: पत्रा किंचित असमान असला की रेषा एकमेकींपासून सुटून शेजारून निघून जातात.

‘प्रत्येक मंत्राची आकृती ठरलेली’

आकृती ठरवते प्लेट. तिचा आकार, जाडी, धातू, ती कुठे धरली आहे, आणि स्वराची वारंवारता. जाडी दुप्पट केली की प्रत्येक आकृती दुप्पट वारंवारतेवर सरकते. लांबी-रुंदी दुप्पट केली की चौथाईवर. शब्दाला यात जागा नाही.

हे घरी करून बघता येतं. एका रिकाम्या डब्याचं तोंड फुग्याच्या रबराने ताणून बंद करा, बाजूला भोक पाडून पाइपचा कोपरा बसवा आणि रबरावर चिमूटभर कोरडी, चाळलेली वाळू पसरा. जास्त घातली तर रेषा जाड होऊन एकमेकींत मिसळतात. मीठही चालतं, पण पावसाळी हवेत ते ओल धरतं आणि गोळे होतात. रबराचा ताण सगळीकडे सारखा हवा, नाहीतर नक्षी एका बाजूला झुकते. पाइपात तोंड लावून आधी काळी एकमध्ये (हार्मोनियमची पहिली काळी पट्टी; पुरुषी आवाजात सुमारे 139 हर्ट्झ) ॐ म्हणा, मग पांढरी पाचमध्ये (सुमारे 196). शब्द तोच, नक्षी वेगळी. मग काळी एकवरच नुसता ‘आ’ लावा. नक्षी बहुतेक पहिल्यासारखीच येईल. थोडा फरक दिसलाच तर तो उपस्वरांमुळे, म्हणजे मूळ सुरासोबत वाजणाऱ्या वरच्या सुरांमुळे असतो, कारण ‘आ’, ‘उ’, ‘म्’ यांत त्यांचं प्रमाण बदलतं. आणि ॐ हा तर या तिघांतून सरकणारा उच्चार आहे. मग त्याची ‘एक’ आकृती यांपैकी कोणत्या क्षणाची?

‘432 शुद्ध, 440 अशुद्ध’

440 हर्ट्झ हा पाश्चात्त्य वाद्यं जुळवण्याचा प्रमाण सूर, आणि 432 त्याहून ‘शुद्ध’ असं सांगितलं जातं. दोन्हींत फरक जेमतेम 1.85 टक्के. 1 मिमी जाडीच्या प्लेटवर 432ला येणारी आकृती साधारण 1.02 मिमी जाडीच्या तशाच प्लेटवर 440ला येते. पत्र्याच्या दोन तुकड्यांत एवढा फरक सर्रास सापडतो. नक्षी फक्त अनुनादावर, म्हणजे प्लेट स्वतःहून जोरात कंप पावते त्या ठरावीक वारंवारतांवर उमटते. अधेमधे वाळू नुसती नाचते. व्हिडिओ करणाऱ्याने 432ला अनुनाद देणारी प्लेट घेतली की 440 आपोआप ‘विस्कटलेलं’ दिसणार. प्लेट बदला, निकाल उलटा. (आपल्याकडे तर षड्ज गळ्याप्रमाणे लावतात, त्यामुळे हा वाद इथे आलाच कसा हे कोडंच आहे.)

‘शरीरातल्या पाण्यातही हेच घडतं’

ताटलीतल्या पाण्यावर नक्षी येते ती उघड्या पृष्ठभागावरच्या तरंगांची. ताटली पुरेशा जोराने वर-खाली हलवावी लागते, आणि तरंग सहसा त्या हलवण्याच्या निम्म्या वारंवारतेने उठतात. पेशींमधलं पाणी उघड्या ताटलीत नसतं.

जाता जाता, ‘पाश्चात्त्यांना हे 1967 साली कळलं’ हेही चूक. त्या वर्षी अशा आकृत्यांवरचं हान्स येनी यांचं पुस्तक आलं, एवढंच. जर्मन शास्त्रज्ञ एर्न्स्ट क्लाडनी यांनी व्हायोलिनच्या गजाने प्लेटा वाजवून काढलेल्या आकृत्या 1787 साली छापल्या होत्या.

पुढचा व्हिडिओ आला की प्लेटच्या मध्यभागी बघा. तिथे स्क्रू दिसला तर खाली स्पीकर किंवा व्हायब्रेटर आहे. 1 मिमीच्या धातूच्या पत्र्यावरची वाळू फूटभरावरून म्हटलेल्या ॐने जागची हलत नाही. आणि ॐचा सूर वर-खाली होऊनही वाळूची रेषा तशीच स्थिर राहिली, तर प्लेटला मिळत होता तो सूर काढणाऱ्या यंत्राचा (सिग्नल जनरेटरचा) एकच सूर, ॐकार नंतर जोडलाय.