अर्थ फक्त लेखकाच्या डोक्यात असतो? मला नाही पटत

गेले काही दिवस एक मजकूर फिरतोय, मला तीन ग्रुपवर आला. म्हणणं असं की पुस्तक म्हणजे लेखकाने एकदा लिहून ठेवलेली पक्की वस्तू, तिचा अर्थ एकच, लेखकाच्या मनात होता तो, शब्दकोश घेऊन बसलं की कळतो. आणि "एकाच संहितेचे (म्हणजे मजकुराचे) अनेक अर्थ" वगैरे कॉलेजात शिकवतात ते फ्रान्सवरून आलेलं खूळ, आपल्या परंपरेत असलं काही नव्हतं. लेखकाला बाजूला काढलं की कोणीही काहीही अर्थ लावेल, अशी भीतीही शेवटी घातलीय. ही भीती मला समजते, तिच्याकडे येतेच. पण बाकीचं चूक आहे, आणि ज्या परंपरेच्या नावाने लिहिलंय तिच्यावरच अन्याय करणारं आहे, म्हणून लिहायला बसले.

आधी ती "पक्की वस्तू". उदाहरण त्यांनीच दिलंय, महाभारत: व्यासांनी सांगितलं, गणपतीने लिहिलं, तेच आपण वाचतो. आता बघा, पुण्यात भांडारकर संस्थेत महाभारताच्या चिकित्सक आवृत्तीचं काम 1919 ला सुरू झालं आणि 1966 ला संपलं. सत्तेचाळीस वर्षं! शारदा, नेपाळी, बंगाली, तेलुगू, ग्रंथ, मल्याळम अशा कितीतरी लिप्यांमधल्या पोथ्या जमवल्या, एकेक श्लोक घेऊन कुठल्या पोथीत काय आहे ते मांडत गेले. त्या आवृत्तीचं पान उघडलं की वर श्लोक आणि खाली बारीक टायपात पाठभेद, म्हणजे वेगवेगळ्या पोथ्यांत तोच श्लोक कसा वेगळा येतो ते, कित्येक पानांवर खालचा भागच मोठा. आणि गणपतीची गोष्ट मुख्य संहितेत नाहीच, परिशिष्टात आहे, कारण पोथ्यांचा पुरावा तिला पुरत नाही. (गोष्ट मला लहानपणापासून आवडते, अजूनही आवडते, पण पुरावा तो पुरावा.) संपादक विष्णु सीताराम सुकथनकरांनी तर सांगूनच ठेवलंय की हे व्यासांचं मूळ महाभारत असा आमचा दावा नाही, हाती असलेल्या पोथ्यांवरून जितकं मागे जाता येतं तितकंच आम्ही गेलोय. त्यांच्याही आधी, सतराव्या शतकात, आपल्या कोपरगावच्या घराण्यातले नीलकंठ चतुर्धर काशीत बसून महाभारतावर टीका, म्हणजे अर्थ उलगडणारं भाष्य, लिहीत होते, त्यांनीही निरनिराळ्या प्रांतांतल्या पोथ्या गोळा करून पाठ निवडला आणि तसं लिहून ठेवलं, लपवलं नाही.

ज्ञानेश्वरीचं तेच. मूळ रचना शके 1212 ची, आणि शके 1506 मध्ये एकनाथांना ती शुद्ध करायला बसावं लागलं. तोवर ज्ञानदेवांना समाधी घेऊन पावणेतीनशेच्या वर वर्षं झालेली, म्हणजे "तुमच्या मनात कुठला शब्द होता" हे विचारायची सोय नाही. नाथांनी लिहिलं, "ग्रंथ पूर्वींच अतिशुद्ध, परी पाठांतरीं शुद्ध अबद्ध". हे मी किती वेळा वाचलंय आणि दर वेळी थांबते. ग्रंथ वेगळा आणि त्याचे हाताहातांतून आलेले पाठ वेगळे, हा भेद पैठणच्या माणसाने सोळाव्या शतकात केलाय! आपण घरात पारायणाला घेतो ती ज्ञानेश्वरीसुद्धा कोणीतरी निवड करून आपल्यापर्यंत आणलेली आहे.

शब्दकोशाचं फार बोलायला नको. पूजेला "नारळ वाढवा" म्हटल्यावर कोणी नारळ मोठा करत बसत नाही, फोडतो. दारात चप्पल घालताना "येतो हं" म्हणणारा माणूस निघालेला असतो. हे घरातलं झालं, शास्त्रात शब्दाच्या सरळ अर्थाला अभिधा, सरळ अर्थ बसत नाही म्हणून घेतलेल्या जवळच्या अर्थाला लक्षणा आणि नुसत्या सुचवलेल्या अर्थाला व्यंजना अशी नावं आहेत. "गंगेवर गवळीवाडा" म्हटलं तर पाण्यावर नाही, काठावर, ही लक्षणा. आणि व्यंजनेचं, काव्यशास्त्र लिहिणाऱ्या मम्मटाने दिलेलं उदाहरण मला सगळ्यात आवडतं, "सूर्य मावळला" एवढंच वाक्य. सेनापती राजाला म्हणाला तर हल्ल्याची वेळ झाली, मैत्रिणीने मैत्रिणीला म्हटलं तर प्रियकराला भेटायला निघ, गुराख्याला म्हटलं तर गाई घराकडे वळव, मजुराला म्हटलं तर काम थांबव. वाक्य तेच, शब्दकोशातला अर्थही तोच, तरी प्रत्येकाला वेगळं कळलं आणि कोणालाच चुकीचं कळलं नाही. हे अकराव्या शतकातल्या काश्मीरमधलं आहे, आणि काव्यातल्या सुचवलेल्या अर्थाचा सिद्धांत मांडणारा आनंदवर्धन त्याच्याही दोनशे वर्षं आधीचा. मग फ्रान्सचं खूळ कसं?

आता मुख्य मुद्दा, लेखकाचं मन. इथे मला मीमांसकांची, म्हणजे वेदवाक्यांचा अर्थ कसा लावायचा याचा विचार करणाऱ्या जुन्या पंडितांची, आठवण करून द्यावीशी वाटते, कारण मजकूर लिहिणाऱ्याने वेदांचाही दाखला दिलाय. मीमांसकांच्या मते वेद अपौरुषेय, म्हणजे त्यांना लेखकच नाही, माणूस नाही आणि देवही नाही. मन नाही, हेतू नाही, विचारायला कोणी नाही. अर्थ जर फक्त लेखकाच्या मनात असता तर वेदांना अर्थच उरला नसता, पण झालं उलटं, लेखक नसलेल्या ग्रंथाचा अर्थ कसा लावायचा याचं अख्खं शास्त्र याच लोकांनी उभं केलं. नैयायिकांना, म्हणजे न्यायदर्शनाच्या तर्कपंडितांना, हे मान्य नव्हतं, ते बोलणाऱ्याचा हेतू मोजायचे, आणि त्यांच्याही बाजूला दम आहे. "सैंधव आण" म्हटलं तर सैंधव म्हणजे मीठही आणि घोडाही. पण जेवायला बसलेल्याला मीठ हवंय हे मनात शिरून कळत नाही, समोरच्या ताटावरून कळतं. म्हणजे हेतू मोजायचा तरी तो संदर्भातूनच शोधावा लागतो.

रोलाँ बार्थ या फ्रेंच समीक्षकाने 1967 मध्ये लेखकाच्या मृत्यूवर निबंध लिहिला त्याचीही या मजकुरात फार मोडतोड झालीय. संहिता ही अनेक ठिकाणांहून आलेल्या धाग्यांची वीण आहे, लेखकाचं नाव लावून तिला कुलूप घालू नका, असं त्याचं म्हणणं, आणि ते सगळं मला पटतं असं नाही. पण वीण ही कल्पना आपल्याला परकी कशी? ग्रंथ हा शब्दच मुळात गुंफणे, गाठ मारणे या अर्थाच्या धातूवरून आलाय.

राहिली भीती, कोणीही काहीही अर्थ लावेल ही. लावू देत, पण मग दाखवावं लागेल. तात्पर्य कसं ठरवायचं याच्या सहा खुणा जुन्या लोकांनी देऊन ठेवल्यात: सुरुवात आणि शेवट जुळतात का, पुन्हापुन्हा काय येतं, नवीन काय सांगितलंय, फळ काय, स्तुती कशाची केलीय, युक्तिवाद कुठे नेतो. टिळकांनी मंडालेच्या तुरुंगात गीतारहस्य लिहिलं तेव्हा हेच हत्यार उचललं. शंकराचार्यांनी गीतेत ज्ञान आणि संन्यास वाचला, रामानुजांनी भक्ती, टिळक म्हणाले कर्मयोग, आणि म्हणाले म्हणून थांबले नाहीत, सुरुवातीला अर्जुन लढायला नाही म्हणतो आणि शेवटी "करिष्ये वचनं तव" म्हणून उभा राहतो, या दोन टोकांमध्ये संन्यास कसा बसवता ते सांगा, असं त्यांनी शंकराचार्यांसारख्या माणसाच्या भाष्याला विचारलं. ज्यांना टिळक पटले नाहीत त्यांनाही गीतेतलेच श्लोक काढून उत्तर द्यावं लागलं.