‘हप्ता झेपतो ना?’ हा प्रश्न आता बंद करा

घर घ्यायचं म्हटलं की जो भेटेल तो एकच विचारतो, हप्ता झेपतो ना? घर विकणारा विचारतो, कर्ज देणारा विचारतो, घरातले थोरले विचारतात, ऑफिसातले सहकारी विचारतात. ‘झेपतो’ असं उत्तर दिलं की सगळे खूश. एकूण किती भरावे लागणार, हे कुणीच विचारत नाही. आयुष्यातला सगळ्यात मोठा व्यवहार, आणि त्याची खरी किंमत सह्या करणाऱ्यालाच ठाऊक नाही. मला याचा संताप येतो आणि तो मी आज गिळणार नाही.

आकडेमोड बरी जमते म्हणून नात्यातले, ओळखीतले लोक कर्जाचे कागद माझ्याकडे आणतात. आणतात कधी? सह्या होऊन गेल्यावर. मी विचारते, एकूण किती जाणार? समोरचा हप्ता सांगतो. मी म्हणते, हप्ता नको, एकूण सांग. मग फोन बाहेर येतो, हप्त्याला महिन्यांनी गुणलं जातं, आणि चेहरा उतरतो. शिकलेली, पगारदार, व्यवहारी माणसं आहेत ही. साधा फोन घेताना आठवडाभर किमती ताडून बघणारी. यांना गुणाकार येत नाही असं थोडंच आहे? तो आकडा त्यांच्यासमोर कधी ठेवलाच गेला नाही. सगळी बोलणी हप्त्यावर सुरू झाली आणि हप्त्यावरच संपली.

मग आता मीच मांडते. बँकवाले ‘लाखाला हप्ता किती’ असं बोलतात, आपणही तसंच धरू. कर्ज १ लाख, दर ९ टक्के, मुदत २० वर्षं. चलन कुठलंही असो, प्रमाण तेच राहतं. हप्ता येतो साधारण ९००. वीस वर्षांत एकूण भरणा सुमारे २ लाख १६ हजार. म्हणजे घेतलं एक लाख आणि त्यावर व्याजच १ लाख १६ हजार. एका घरासाठी घेतलेल्या कर्जात दोन कर्जांचे पैसे गेले, वर १६ हजार आणखी.

हे ऐकून लोक हादरतात, पण मला खरा राग पुढच्या भागाचा येतो. पहिल्या महिन्याचा ९०० चा हप्ता घ्या. त्यातले ७५० व्याजात जातात आणि मुद्दल फिटतं जेमतेम १५०. माणसाला वाटतं, आपण महिन्याला ९०० नी कर्ज उतरवतोय. अहो, नाही! पाच वर्षं एकही हप्ता न चुकवता भरलात तर हातून गेलेले असतात ५४ हजार, आणि मुद्दल कमी झालेलं असतं ११ हजारांच्या आसपास. ८८ हजार ७०० अजून डोक्यावर. दहा वर्षांनी, म्हणजे अर्धी मुदत संपल्यावर, १ लाख ८ हजार भरून झालेले असतात, घेतलेल्या रकमेपेक्षाही जास्त, आणि तरी ७१ हजार बाकी. निम्मं कर्ज फिटायला चौदा वर्षं लागतात. हप्त्यात मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायलाच बारा वर्षांवर काळ जातो.

यात कुणी चोरी करत नाही, हे मला माहीत आहे. व्याज बाकी मुद्दलावर लागतं, सुरुवातीला मुद्दल मोठं, म्हणून व्याज मोठं. गणित सरळ आहे. माझा राग गणितावर नाहीच. राग आहे तो हे गणित लपवून, हप्त्याचा एवढासा आकडा पुढे सरकवणाऱ्यांवर. मधेच घर विकायची वेळ आली, नोकरी बदलली, आजारपण आलं, तर पाच-सात वर्षं हप्ते भरलेल्या माणसाला कळतं की आपलं कर्ज जवळपास जागच्या जागी आहे. तेव्हा तो बँकेत जाऊन विचारतो, माझे पैसे गेले कुठे? एवढं साधं उत्तर त्याला पहिल्या दिवशी द्यायला काय जात होतं?

आणि तो मुदतीचा खेळ. ‘हप्ता जड वाटतोय? मग तीस वर्षं करून टाकू.’ जणू काही सवलतच देताहेत. वीसाऐवजी तीस वर्षं केलीत तर त्याच ९ टक्क्यांनी लाखाचा हप्ता ९०० वरून ८०५ वर येतो. महिन्याला ९५ वाचले. आणि एकूण भरणा? २ लाख १६ हजारांवरून २ लाख ९० हजारांवर. महिन्याला ९५ चा दिलासा देऊन ७४ हजार जास्त घेतात, आणि हा दुसरा आकडा बोलण्यात येतच नाही. उलट दिशेने बघा. पंधरा वर्षांची मुदत घेतली तर हप्ता १,०१४ होतो, पण एकूण भरणा १ लाख ८३ हजारांच्या आत राहतो. ज्याला ते ११४ जास्त भरणं खरंच शक्य होतं, त्यालाही हा पर्याय कुणी दाखवत नाही. का दाखवतील? त्यांची कमाई मुदतीत आहे.

घराच्या किमतीवर महिनाभर घासाघीस करणारी माणसं व्याजदरावर एक शब्द बोलत नाहीत, हेही मला बघवत नाही. ‘अर्धा टक्काच तर आहे.’ अर्धा टक्का! ९ चे साडेनऊ झाले तर वीस वर्षांत लाखामागे ७,८०० च्या आसपास जास्त जातात. म्हणजे कर्जाच्या जवळजवळ आठ टक्के. विक्रेत्याकडून तेवढी सूट मिळाली असती तर त्याच माणसाने गावभर सांगितलं असतं.

बदलत्या दराचं कर्ज असेल तर याच्याही पुढचा प्रकार. दर वाढतो, हप्ता मात्र बऱ्याचदा तेवढाच ठेवतात. माणूस निर्धास्त, कारण खात्यातून दर महिन्याला तीच रक्कम वळती होतेय. वाढत असते ती मुदत, गुपचूप. वरच्याच कर्जाचा दर सुरुवातीलाच ९ वरून १० झाला आणि हप्ता ९०० च ठेवला, तर २४० हप्त्यांचे ३१४ होतात. वीस वर्षांची सव्वीस वर्षं. एक टक्क्याने सहा वर्षं! आणि दर ११ झाला तर महिन्याचं व्याजच ९१७ होतं. ९०० चा हप्ता भरूनही कर्ज उतरत नाही, वाढतं. हे मी घाबरवायला सांगत नाही. कॅनडात मध्यवर्ती बँकेचा दर मार्च २०२२ ते जुलै २०२३ या काळात पाव टक्क्यावरून ५ टक्क्यांवर गेला, आणि बदलता दर पण ठरावीक हप्ता अशा कर्जांत नेमकं हेच झालं. हप्ता वेळेवर भरणाऱ्या लोकांची बाकी फुगत गेली. भारतात ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेला लेखी बजावावं लागलं की दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत, हा पर्याय कर्जदाराला द्या आणि मुदत अशी ताणू नका की हप्त्यातून व्याजही फिटणार नाही. हे सांगावं लागतं, यातच सगळं आलं.

नात्यातल्या एका बहिणीने मध्यंतरी मोठ्या आनंदाने फोन केला. “ताई, कर्ज दुसरीकडे हलवलं. दर पाऊण टक्क्याने कमी, आणि हप्ता तर कितीतरी कमी झाला!” मी विचारलं, मुदत किती धरली? म्हणाली, “वीस वर्षं.” सात वर्षं आधीच भरून झाली होती तिची. आता हा हिशेब लाखाच्या मापात घालते. सात वर्षांनी बाकी ८२,५६८. ९ टक्क्यांनीच उरलेली तेरा वर्षं भरत राहिली असती तर आणखी १ लाख ४० हजार गेले असते. सव्वाआठ टक्क्यांनी नव्याने वीस वर्षं भरली तर हप्ता ७०४ होतो खरा, पण जातात १ लाख ६९ हजार. दर कमी होऊन साडेअठ्ठावीस हजार जास्त! तिला हे सांगताना माझाच आवाज चढला, आणि मग वाईट वाटलं, कारण चूक तिची नव्हतीच. नवी मुदत तेरा वर्षांचीच ठेवा, असं म्हणायला त्या टेबलापलीकडच्या माणसाला एक वाक्य पुरलं असतं. ते त्याने मुद्दाम टाळलं. जुन्या कर्जाची उरलेली मुदत त्याच्या समोरच्याच कागदावर होती.

कर्जाबरोबर गळ्यात मारला जाणारा विमा हा आणखी एक संतापाचा विषय. विमा असावा, घरातला कमावता माणूस गेला तर मागच्यांवर कर्ज पडू नये, हे मला शंभर टक्के मान्य आहे. पण त्याचा एकरकमी हप्ता कर्जातच मिळवून टाकतात. ‘तुम्हाला आत्ता खिशातून काहीच काढायचं नाही.’ आत्ता नाही, पण वीस वर्षं व्याजासकट काढायचं. २,००० चा विमा ४,३०० ला पडतो. शिवाय प्रक्रिया शुल्क, कायदेशीर तपासणी, मूल्यांकन, नोंदणीचा खर्च. आणि घर ताब्यात आल्यावर घराचा कर, देखभाल, दुरुस्ती. हे सगळं हप्त्याबाहेरचं. ‘भाड्याएवढाच तर हप्ता’ म्हणणारे हे पैसे कुठे धरतात, ते मला अजून कुणी सांगितलेलं नाही.

यावर काही जण मला समजावतात की महागाई वाढते, पगार वाढतो, शेवटचे हप्ते हलके होतात. बरोबर आहे. वीस वर्षांनंतरचे ९०० आजच्या ९०० एवढे जड नसतात. कर्ज काढून घर घेऊच नये असं मी म्हणतच नाही, स्वतःच्या छपराची ओढ मला कळते. पण पगार वाढेल याचं लेखी आश्वासन कुणी दिलंय? व्याज भरणं मात्र लेखी ठरलेलं असतं. आणि करसवलतीचं म्हणाल, तर ती जिथे मिळते तिथे भरलेल्या व्याजाचा एक हिस्साच परत येतो, उरलेलं व्याज गेलेलंच असतं. हे सगळं धरूनही व्यवहार फायद्याचा निघत असेल तर जरूर करावा. पण धरून, डोळे मिटून नव्हे.

कायदे नाहीत असंही नाही. अमेरिकेत १९६८ च्या कायद्याने कर्जाचा शुल्कासकट वार्षिक दर सांगणं बंधनकारक केलं. युरोपीय संघाच्या २०१४ च्या निर्देशानुसार गृहकर्जाच्या ठरावीक माहितीपत्रकात एकूण परतफेडीची रक्कमही द्यावी लागते. भारतात १ ऑक्टोबर २०२४ पासून नव्या किरकोळ कर्जांना, म्हणजे गृहकर्जासारख्या व्यक्तींना दिलेल्या कर्जांना, मुख्य माहितीपत्रक द्यायचं आहे, परतफेडीच्या तक्त्यासह. कागद आहेत. पण ते हातात कधी पडतात? घर पसंत करून, बयाणा देऊन, घरच्यांना तारीख सांगून झाल्यावर, सह्यांच्या गठ्ठ्यात. त्या क्षणी पान उलटून ‘थांबा, हे २ लाख १६ हजार काय आहे?’ असं विचारायची ताकद कुणात उरलेली असते? माझं म्हणणं एवढंच की तो आकडा पहिल्या भेटीत, पहिल्या जाहिरातीत, हप्त्याच्या शेजारी, हप्त्याएवढ्याच ठळक अक्षरांत छापा.

आणि ज्यांचं कर्ज आधीच चालू आहे, त्यांच्या बाबतीत तर चीड आणणारी गोष्ट आजही रोज घडते. माणूस पोटाला चिमटा काढून चार पैसे साठवतो आणि मुद्दलात भरायला जातो. भरल्यावर कित्येकदा त्याला विचारलंही जात नाही, आणि मुदत तीच ठेवून हप्ता कमी करून देतात. तो खूश होऊन घरी येतो. आता हिशेब बघा. लाखाच्या कर्जात पाच वर्षांनी १० हजार जास्तीचे भरले. हप्ता कमी करून घेतला तर पुढच्या पंधरा वर्षांत ते दहा हजार वजा जाता ८,३०० च्या आसपास वाचतात. हप्ता ९०० च ठेवून मुदत कमी करून घेतली तर ३७ हप्ते गळतात आणि वाचतात २३,४००. पैसे तेच, दिवस तोच, फरक फक्त अर्जावरच्या एका ओळीचा. म्हणून जास्तीचे पैसे भरताना लेखी अर्ज द्या, त्यात ‘हप्ता तसाच ठेवून मुदत कमी करावी’ एवढं स्पष्ट लिहा, पोच घ्या, आणि नवा परतफेडीचा तक्ता हातात पडल्याशिवाय त्या खुर्चीवरून उठू नका.