‘मालकाची नोटीस आली? मग घर गेलंच समजा’: या मेसेजला उत्तर

ठाण्यातल्या जुन्या इमारतींच्या व्हॉट्सॲप ग्रुपांवर एक मेसेज फिरतोय. त्याचं सार असं: मालकाची नोटीस आली की खोली खाली करावीच लागते, भाडं थकलं असेल तर कोर्टात अर्थ नाही, मालकाला स्वतःला जागा हवी असेल तर विषय संपला, इमारत सी-1 (पालिकेच्या यादीत अतिधोकादायक, रिकामी करून पाडायची) ठरली की भाडेकरूचा हक्कही पडला. तेव्हा मिळतील ते पैसे घ्या आणि निघा. हा सल्ला कोणाच्या सोयीचा आहे ते नौपाड्यातल्या माणसाला वेगळं सांगायला नको.

आधी नोटिशीचं. नोटीस म्हणजे हुकूमनामा नव्हे. महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायदा, 1999 लागू असलेल्या जागेचा ताबा हवा असेल तर मालकाला दावा लावावा लागतो आणि कायद्यात दिलेलं कारण सिद्ध करावं लागतं. मुंबईत हे दावे लघुवाद न्यायालयात चालतात, ठाण्यात दिवाणी न्यायालयात, कनिष्ठ स्तरावर. निकाल विरोधात गेला तर 30 दिवसांत जिल्हा न्यायालयात अपील करता येतं. स्थगिती मात्र फुकट मिळेल असं धरू नका. अपील चालू असेपर्यंत बाजारभावाच्या जवळपास रक्कम भरा, अशी अट कोर्ट घालू शकतं.

कोर्टाची पायरी न चढता कोणी कुलूप बदललं तर विशिष्ट अनुतोष कायद्याच्या कलम 6 खाली सहा महिन्यांच्या आत दावा लावून ताबा परत मागता येतो. तिथे मालकी कोणाची हे बघतच नाहीत. पाणी किंवा वीज तोडली तर भाडे कायद्याचं कलम 29 आहे. अर्ज केल्यावर कोर्ट पुरवठा पूर्ववत करायला लावू शकतं, आणि तोडणं हा गुन्हाही आहे.

थकलेल्या भाड्याबद्दल मेसेज सर्वांत जास्त चुकतो, आणि लोक घाबरतातही इथेच. भाडे कायद्याचं कलम 15 वाचा. लेखी मागणीची नोटीस मिळाल्यापासून 90 दिवस होईपर्यंत थकबाकीसाठी दावाच लावता येत नाही. त्या मुदतीत पैसे चुकते केले तर प्रश्न मिटतो. नाही जमलं आणि दावा लागला, तरी समन्स बजावल्यापासून आणखी 90 दिवस मिळतात: सगळी थकबाकी, त्यावर 15 टक्के दराने सरळव्याज आणि दाव्याचा खर्च कोर्टात भरायचा, आणि निकाल लागेपर्यंत पुढचं भाडंही भरत राहायचं. शेवटची अट लोक विसरतात. एकरकमी भरलं म्हणून निर्धास्त होतात आणि नंतरचे महिने चुकवतात. मग हे संरक्षण हातचं जातं. मालक भाडं घेतच नसेल तर मनीऑर्डर करा, आणि ‘घेण्यास नकार’ असा शेरा मारून परत आलेला कागद रद्दीत टाकू नका. पावती देणं हे मालकावर कायद्याने बंधनकारक आहे, उपकार नव्हे.

मालकाची स्वतःची गरज हे कारण कायद्यात आहेच. पण ती खरी आणि वाजवी असल्याचं त्याला दाखवावं लागतं, आणि त्यानंतरही ताबा दिल्याने जास्त त्रास कोणाला होईल हे कोर्ट तोलतं. इथे भाडेकरूने नुसतं ‘जाणार कुठे?’ म्हणून भागत नाही. दुसरी जागा शोधली होती का, हा प्रश्न येतोच.

मेसेजमध्ये नसलेला खरा धोका वेगळाच आहे. घोडबंदरला फ्लॅट घेतला, जुनी खोली कुलूप लावून ठेवली, अधूनमधून झाडून घेतली. दाव्याच्या आधी सलग सहा महिने वाजवी कारणाशिवाय वापर नसेल तर तेवढ्यावर ताबा जाऊ शकतो. त्या काळातलं रिकाम्या खोलीचं वीजबिल मालकाचा वकील आवर्जून मागवतो.

आता सी-1. ऑगस्ट 2015 मध्ये नौपाड्यात बी केबिनजवळची कृष्णा निवास कोसळून माणसं गेली. तेव्हा पालिकेने खाली करायला सांगितलं तर खाली कराच, हक्कासाठी छताखाली बसू नका. पण खाली करणं आणि हक्क सोडणं या दोन गोष्टी आहेत. सांगलीच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 2014 मध्ये स्पष्ट केलं की पालिकेने इमारत पाडली तरी भाडेकरार त्यामुळे संपत नाही. भाडेकरूचा संबंध जमिनीशीही असतो. निघण्याआधी आपल्या ताब्यातल्या क्षेत्राची मोजणी लेखी मागून घ्या. सही कराल त्या कागदावर ‘ताबा स्वखुशीने सोडला’ असं असेल तर ते खोडून ‘इमारत धोकादायक असल्याने, भाडेकरू हक्क राखून’ असं लिहायला लावा. नाहीच ऐकलं तर सही न करता सामान हलवा आणि त्याच दिवशी तेवढंच पत्र मालकाला व पालिकेला पाठवा.

हे सगळं भाडेकरूंसाठी. वाशी-नेरुळमध्ये लिव्ह अँड लायसन्सवर राहणाऱ्याने यातलं काही आपल्याला लागू धरू नये. करार संपल्यावर जागा सोडली नाही तर मालक सक्षम प्राधिकाऱ्याकडे जातो, दुप्पट शुल्क मागतो, आणि बाजू मांडण्याच्या परवानगीसाठी समन्सपासून 30 दिवसांत शपथपत्र दिलं नाही तर आदेश निघतो.