पोलिसांचे हात नेमके कुणी बांधलेत? गावोगावच्या ग्रुपवर फिरणाऱ्या मेसेजला उत्तर

मराठवाड्यात कुठे मोठा गुन्हा घडला की व्हॉट्सॲपवर एक मेसेज हमखास वर येतो. त्यातली मांडणी साधारण अशी असते: पूर्वी खाकी दिसली की गाव चिडीचूप व्हायचं, गुन्हे कमी होते, आता धाक उरला नाही. मानवाधिकारवाल्यांनी, कोर्टांनी आणि कॅमेऱ्यांनी पोलिसांचे हात बांधलेत. दांडक्याशिवाय चोर कबूल होत नाही. ज्याने काही केलं नाही त्याला पोलिसांची भीती कशाला? पोलिसांवर टीका केली की त्यांचं खच्चीकरण होतं. म्हणून पोलिसांना मोकळं सोडा, महिन्यात सगळं सरळ होईल.

हा मेसेज पुढे पाठवणाऱ्यांचा संताप खरा आहे. शेतातल्या आखाड्यावरून सोयाबीनची पोती गेलेला, विहिरीवरची केबल पुन्हा पुन्हा कापून नेलेला शेतकरी त्यात आहे. मी तालुक्याच्या कोर्टात फौजदारी कामं चालवतो. फिर्यादीही माझ्याकडे येतात आणि आरोपीचे घरचेही. दोन्हीकडचं ऐकून माझं मत असं झालं आहे की गुन्हेगाराला सगळ्यात जास्त फायदा साध्या माणसाच्या पोलीसभीतीचा होतो.

आधी ‘हात बांधलेत’ या मुद्द्याबद्दल. डी. के. बसू खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १९९६ मध्ये अटकेचे नियम घालून दिले. अटक करणाऱ्याच्या गणवेशावर नाव स्पष्ट दिसावं, अटकेचा कागद साक्षीदारासमोर व्हावा, घरच्यांना कळवावं, कोठडीत दर ४८ तासांनी वैद्यकीय तपासणी व्हावी. २४ तासांत मॅजिस्ट्रेटपुढे उभं करायचं, हे तर संविधानाच्या कलम २२ मध्येच आहे. यातला कुठला नियम चोर पकडायला आडवा येतो? उलट १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेने पोलिसांना आणखी अधिकार दिले. खून, बलात्कार, अमली पदार्थ अशा गुन्ह्यांत आणि सराईतांना बेड्या घालता येतात. पोलीस कोठडीचे १५ दिवस आता सलग घ्यावे लागत नाहीत, गुन्ह्याच्या गांभीर्यानुसार ४० किंवा ६० दिवसांच्या मुदतीत तुकड्या-तुकड्यांनी घेता येतात.

बीड जिल्ह्यातल्या मस्साजोगकडे बघा. ६ डिसेंबर २०२४ रोजी तिथल्या पवनचक्की प्रकल्पाच्या आवारात मारहाण झाली. ९ डिसेंबरला सरपंच संतोष देशमुख यांचं अपहरण करून खून करण्यात आला. मधल्या तीन दिवसांत कुठलं कोर्ट किंवा कुठला मानवाधिकार आयोग पोलिसांच्या वाटेत उभा होता? नंतर एका उपनिरीक्षकाचं निलंबन झालं, जिल्ह्याचे पोलीस अधीक्षक बदलले, तपास सीआयडीकडे गेला. देशमुखांच्या घरच्यांची आणि गावाची तक्रार पोलिसांनी वेळेवर काही केलं नाही अशी होती. नियमांमुळे पोलीस हतबल झाले, असं त्यांच्यापैकी कुणी म्हटलेलं मला आठवत नाही. बीडमध्ये हात अडकले असतील तर ते राजकारण्यांच्या दबावात आणि गुंडांशी असलेल्या ओळखीत. ती गाठ सोडवा म्हणणारा मेसेज मात्र मला अजून कुणी पाठवलेला नाही.

दुसरा मुद्दा दांडक्याचा. हा मेसेजमधला सगळ्यात लोकप्रिय भाग आहे आणि सगळ्यात घातकही, म्हणून इथे जरा थांबतो.

पोलिसांसमोर दिलेला कबुलीजबाब आरोपीविरुद्ध पुरावा म्हणून चालत नाही. हे कुठल्या मानवाधिकारवाल्याने आणलेलं नाही. १८७२ च्या पुरावा कायद्यात इंग्रजांनीच ते लिहिलं, आणि नव्या भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम २३ मध्येही ते कायम आहे. मार दिला की माणूस काहीही कबूल करतो, हे इंग्रजांनाही कळलेलं होतं. मार खाल्लेला माणूस ‘मीच केलं’ म्हणाला की तपास तिथेच थांबतो, आणि खरा गुन्हेगार त्याच रात्री निर्धास्त झोपतो.

नाशिकजवळ २००३ मध्ये एका शेतातल्या झोपडीवर दरोडा पडला. खून झाले, बलात्कार झाला. भटक्या जमातीतल्या सहा जणांना आरोपी केलं गेलं. २००९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तिघांची फाशी कायम केली आणि हायकोर्टाने जन्मठेपेवर आणलेल्या उरलेल्या तिघांनाही फाशी दिली. पुढे तोच निकाल परत घेऊन अपील नव्याने ऐकलं गेलं आणि ५ मार्च २०१९ रोजी सगळे निर्दोष सुटले. तोवर सोळा वर्षं तुरुंगात गेली होती, आणि त्यातला एक तर गुन्ह्याच्या वेळी अल्पवयीन होता. न्यायालयाने प्रत्येकी पाच लाख रुपये भरपाई द्यायला सांगितली. मला सगळ्यात जास्त अस्वस्थ करते ती निकालातली एक नोंद. हल्ल्यातून वाचलेल्या बाईने पोलिसांच्या फोटोंमधून वेगळेच चार जण ओळखले होते, आणि त्या चौघांकडे तपास कधी वळलाच नाही. एका कुटुंबावर इतका भयंकर अत्याचार झाला, वाचलेल्या बाईने बोट दाखवलं, आणि यंत्रणेने ते बोट बाजूला सारून हाताशी सापडणारी गरीब माणसं उचलली. ‘मोकळे हात’ दिल्यावर आपल्या गावात असंच होणार नाही, याची खात्री कोण देतो?

इथूनच तिसऱ्या मुद्द्याकडे येतो. ज्याने काही केलं नाही त्याला भीती कशाला? हा प्रश्न पारध्यांच्या वस्तीवर जाऊन विचारा. १८७१ च्या कायद्याने इंग्रजांनी आख्ख्या जमाती जन्मतः गुन्हेगार ठरवल्या. तो कायदा ३१ ऑगस्ट १९५२ रोजी रद्द झाला, पण बीड, धाराशिव, लातूरकडे रानात चोरी झाली की पहिली गाडी कुठल्या पालावर जाते, हे गावातल्या पोरांनाही माहीत आहे. ऑक्टोबर २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाला पुन्हा सांगावं लागलं की विमुक्त, म्हणजे त्या कायद्यातून सुटलेल्या, जमातींच्या लोकांची मनमानी अटक होता कामा नये. ज्या वस्तीवर दर चोरीनंतर धाड पडते, तिथे एखाद्याने खरा चोर बघितला तरी तो ठाण्यात जाऊन सांगेल का? गेला तर आधी त्यालाच बसवून ठेवतील, ही भीती त्याच्या जागी अगदी रास्त आहे.

परभणीची गोष्टही इथलीच. १० डिसेंबर २०२४ रोजी डॉ. आंबेडकरांच्या पुतळ्यासमोरच्या संविधानाच्या प्रतिकृतीची विटंबना झाली. दुसऱ्या दिवशी बंद हिंसक झाला आणि धरपकड झाली. अटक झालेल्यांत कायद्याचं शिक्षण घेणारा ३५ वर्षांचा एक तरुण होता. १५ डिसेंबरला न्यायालयीन कोठडीत त्याचा मृत्यू झाला. त्याच्या अंगावर अनेक जखमा असल्याचं शवविच्छेदनात नोंदलं गेलं. जुलै २०२५ मध्ये हायकोर्टाच्या औरंगाबाद खंडपीठाने गुन्हा नोंदवण्याचा आदेश दिला, आणि त्याविरुद्ध सरकार सर्वोच्च न्यायालयात गेलं तिथेही तो आदेश टिकला. दोषी कोण, ते खटल्यात ठरेल, तोवर कुणावर शिक्का मारणं मला मान्य नाही. पण पोराच्या मरणाची फिर्याद नोंदवून घेण्यासाठी आईला हायकोर्टाचा दरवाजा ठोठावावा लागतो, तेव्हा वस्तीतल्या बाकीच्या आयाबाया काय शिकतात, याचा विचार मेसेज पाठवणाऱ्याने करावा.

आणि पारधी, दलित, मुसलमान यांच्यापुरतंच हे आहे असं समजू नका. सावकाराने जमीन लिहून घेतलेला मराठा शेतकरीही ठाण्याची पायरी चढताना दहादा विचार करतो. महाराष्ट्रात २०१४ पासून सावकारीचा कडक कायदा आहे. पण सावकाराची गाडी ठाण्याच्या आवारात दिसली की तक्रार खिशातच राहते.

‘पूर्वी गुन्हे कमी होते’ यावर फार लिहीत नाही. गुन्हे कमी होते की नोंदी कमी होत्या, ते आधी तपासा. दखलपात्र गुन्ह्याची एनसी, म्हणजे अदखलपात्र अशी नोंद, करून फिर्यादीला परत पाठवायचं, ही पद्धत जुन्या माणसांना चांगली ठाऊक आहे. ललिता कुमारी खटल्यात २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाला एफआयआर नोंदवणं बंधनकारक असल्याचं बजावावं लागलं, ते याच सवयीमुळे.

राहिला शेवटचा मुद्दा, की असं बोलल्याने पोलिसांचं खच्चीकरण होतं. पोलिसांचे हाल मला दिसतात. बारा-बारा तासांची ड्युटी, गणपती, ईद, जयंत्या, मोर्चे, निवडणुका, आणि घराच्या नावाने गळकी क्वार्टर. पण त्यांचं खच्चीकरण करणाऱ्या गोष्टी वेगळ्या आहेत. प्रकाश सिंग खटल्यात २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ठाणे प्रभारीला आणि अधीक्षकाला किमान दोन वर्षांचा कार्यकाळ द्यायला सांगितलं, कारण आमदाराच्या फोनवर बदली होण्याच्या भीतीत असलेला अधिकारी कायद्याने काम करू शकत नाही. पोलिसांची काळजी असेल त्याने ही मागणी लावून धरावी.

बळाने प्रश्न मिटत नाही, हे जालन्याने अख्ख्या राज्याला दाखवून दिलं आहे. १ सप्टेंबर २०२३ रोजी अंतरवाली सराटीत मराठा आरक्षणाच्या उपोषणस्थळी लाठीमार झाला. त्यात बायका जखमी झाल्या, पोलीसही जखमी झाले. तोवर एका गावात चाललेलं उपोषण त्या दिवसानंतर महाराष्ट्रभर पेटलं, आणि तीन दिवसांनी गृहमंत्र्यांना माफी मागावी लागली. रस्त्यावर दगड झेलायला नंतर उभा राहिला तो साधा शिपाईच.

लोक कायदा का पाळतात, यावर अमेरिकेत मानसशास्त्रज्ञ टॉम टायलर यांनी शिकागोच्या रहिवाशांचा अभ्यास केला होता. शिक्षेच्या भीतीपेक्षा, यंत्रणा आपल्याशी न्यायाने वागते हा विश्वास लोकांना कायदा पाळायला जास्त लावतो, असं त्यांना आढळलं. निकाल आपल्या बाजूने लागला का, याइतकंच, कधी त्याहून जास्त, आपलं ऐकून घेतलं गेलं का याला लोक महत्त्व देतात. माझ्या टेबलासमोर बसणारी माणसं हेच सांगतात. ‘साहेबांनी बसायला खुर्ची दिली’ एवढी एक गोष्ट बाई वर्षभर लक्षात ठेवते, आणि पुढच्या वेळी स्वतःहून साक्षीला येते.

बीडमध्ये मस्साजोगनंतर नव्या पोलीस अधीक्षकांनी पोलिसांच्या नावाच्या पाट्यांवरून आडनावं काढली. आडनावावरून जात आणि जातीवरून ‘आपला साहेब, त्यांचा साहेब’ ठरतं, हे त्यांनी ओळखलं. एवढ्याने सगळं बदलत नाही, पण निदान दुखणं कुठे आहे ते त्यांना कळलं.

आता मेसेज पाठवणाऱ्यांना माझी विनंती आहे. पुढच्या वेळी दांडक्याऐवजी हे मागा. फिर्याद दिली की एफआयआरची प्रत मोफत मिळाली पाहिजे. ‘हद्द आमची नाही’ म्हणाले तर झिरो एफआयआर, म्हणजे हद्द कुठलीही असली तरी नोंदवायची फिर्याद, मागा. नोंद घेत नसतील तर पोलीस अधीक्षकांना लेखी पोस्टाने कळवा, तरीही नाही झालं तर मॅजिस्ट्रेटकडे अर्ज करा. नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३ मध्ये ही वाट दिलेली आहे. ९० दिवसांच्या आत तपास कुठवर आला, हे पोलिसांनी फिर्यादीला कळवायचं असतं. ते विचारा. बाई, साठीपुढचा माणूस किंवा पंधराच्या आतलं लेकरू साक्षीदार असेल तर जबाब घ्यायला पोलिसांनी घरी यायचं असतं, त्यांना ठाण्यात ताटकळत ठेवायचं नसतं.

आणि कॅमेऱ्यांवर राग असेल तर एवढं करा. सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०२० मध्ये प्रत्येक ठाण्यात, कोठडीतही, आवाजासकट चित्रीकरण करणारे कॅमेरे लावायला आणि चित्रीकरण अठरा महिने, ते जमलं नाही तर किमान एक वर्ष, जपायला सांगितलं. कॅमेरे असल्याची पाटी मराठीतही लावायची आहे. चार जण मिळून आपल्या तालुक्याच्या ठाण्यात जा, ती पाटी आहे का बघा, आणि कॅमेरे चालू आहेत का ते ठाणे प्रभारींना लेखी विचारा. प्रामाणिक पोलिसावर खोटा आरोप झाला तर त्याला वाचवणारा पुरावाही त्याच कॅमेऱ्यात असतो.