‘रिट टाका, मार्क वाढतात’ हा मेसेज पुढे ढकलण्याआधी

निकाल लागले की नागपुरातल्या विद्यार्थ्यांच्या ग्रुपवर हा मेसेज हमखास येतो: ‘पेपर पुन्हा तपासून घेणं हा मूलभूत हक्क आहे. विद्यापीठ उत्तरपत्रिका दाखवत नाही, त्याला वकीलच लागतो. थेट खंडपीठात रिट टाका, जज साहेब मार्क वाढवून देतात.’ रिट म्हणजे थेट हायकोर्टात करायची याचिका, आणि खंडपीठ म्हणजे मुंबई हायकोर्टाचं नागपूर खंडपीठ. या मेसेजच्या भरवशावर पोरं घरून उसने पैसे आणून सिव्हिल लाइन्सला वकील शोधत फिरतात. ते बघवत नाही, म्हणून लिहितो आहे.

मूलभूत हक्काचं आधी. आपल्याच राज्य मंडळाच्या खटल्यात मुंबई हायकोर्टानं विद्यार्थ्यांच्या बाजूनं दिलेला निकाल सुप्रीम कोर्टानं १९८४ मध्ये फिरवला. नियमात पुनर्मूल्यांकन नसेल तर ते हक्क म्हणून मागता येत नाही. नियमात असेल, तर मुदतीत फॉर्म भरायचा. बस.

जज मार्क वाढवतात, हेही खोटं. रणविजय सिंह खटल्यात (२०१७) सुप्रीम कोर्टानं स्पष्ट सांगितलं की कोर्टानं स्वतः पेपर तपासू नये आणि शंका असेल तर तिचा फायदा परीक्षा घेणाऱ्या संस्थेला द्यावा. म्हणजे ‘मला चारच का, सात का नाही’ हे भांडण तिथं टिकत नाही. पण दार अगदी बंदही नाही. कानपूर विद्यापीठाच्या १९८३ च्या खटल्यात मुलं जिंकली, कारण उत्तरसूचीतलीच उत्तरं चुकीची होती आणि ते पाठ्यपुस्तकं उघडून दाखवता आलं. चूक अशी, बोट ठेवताच दिसणारी हवी.

आता उत्तरपत्रिकेचं, कारण सगळ्यात जास्त नुकसान इथंच होतं. तपासलेली उत्तरपत्रिका ही ‘माहिती’ आहे आणि ती पाहण्याचा, तिची प्रत घेण्याचा विद्यार्थ्याला अधिकार आहे, असं सुप्रीम कोर्टानं ९ ऑगस्ट २०११ ला सीबीएसईच्या खटल्यात ठरवलं. माहिती अधिकाराचा अर्ज, त्यावर दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प, प्रतीचे पानामागे दोन रुपये. उत्तराची मुदत तीस दिवस. वकील कुठंच लागत नाही. परीक्षकाचं नाव मात्र मिळत नाही, तेही याच निकालात आहे.

तीन मार्कांनी नापास झालेल्या एका पोरीची अशी प्रत आम्ही दोघांनी पान पान करून पाहिली. चौथ्या प्रश्नाचा ‘ब’ तिनं पुरवणीत लिहिला होता. दीड पान उत्तर, समासात लाल शाईचा ठिपकासुद्धा नाही, आणि पहिल्या पानावरच्या चौकटीत तिथं नुसती आडवी रेघ. त्या दोन पानांची झेरॉक्स जोडून तिनं परीक्षा विभागाला साधा अर्ज दिला. उत्तर तपासलं गेलं, ती पास झाली. विभागानं अर्ज दाबून ठेवला असता, तर हीच दोन पानं घेऊन रिट टाकता आली असती, आणि त्या रिटला वजन असतं.

म्हणून निकालाच्या आठवड्यातच प्रत मागा. उत्तरपत्रिका ठरावीक मुदतीपर्यंतच जपून ठेवतात. त्यानंतर त्या नष्ट झाल्या, तर माहिती अधिकारातही काही हाती लागत नाही आणि खंडपीठापुढे ठेवायला कागदही उरत नाही.