तो सतार वाजवत नव्हता

सकाळी फोन उघडला आणि पहिलाच व्हिडिओ हा. गुलाबी प्लास्टिकचा पिंजरा, तळाला बोटभर भुसा, एक चाक, एक पाण्याची बाटली. आणि त्यात एक सोनेरी हॅम्स्टर, उंदरासारखा छोटा पाळीव प्राणी, सळई दातांत धरून करकर, करकर, करकर. वर लिहिलंय, ‘आमचे रॉकस्टार गिटार वाजवताना.’ खाली हसून हसून डोळ्यांत पाणी आलेल्या चेहऱ्यांची रांग. टाकणारी माझी मैत्रीण. प्रेमळ बाई आहे, रस्त्यावरचं जखमी पाखरू ओढणीत गुंडाळून घरी आणेल अशी. म्हणून तिच्या वॉलवर काही लिहिलं नाही, इथे लिहितेय. तिला दिसेलच. दिसू दे.

मला राग आला तो ‘गिटार’ या शब्दाचा. कारण आमच्या घरी आम्ही त्याला सतार म्हणायचो.

जुन्या मंडळींना आमचा हॅम्स्टर ढब्बू आठवत असेल. लेकीच्या हट्टापायी आणलेला. रात्रीचे बारा वाजले की पिंजऱ्याच्या डाव्या कोपऱ्यातली तिसरी सळई धरायचा आणि सुरू. नवरा कूस बदलत म्हणायचा, ‘बसले बुवा रियाजाला.’ आम्ही हसायचो. मीही व्हिडिओ काढले होते, सगळ्या नातेवाइकांना पाठवले होते. आठ महिने हसलो. सळईचा रंग उडाला, त्याच्या नाकावरचे केस झिजले, तरी हसतच होतो.

मग एका रात्री दाराची कडी नीट लागली नाही आणि बुवा पसार. दोन दिवस घर पालथं घातलं. तिसऱ्या दिवशी पुस्तकांच्या कपाटाचा सगळ्यात खालचा खण ओढला, तर मागे भिंतीला लागून एक घरटं, आणि आत साहेब गाढ झोपलेले.

ते घरटं मी विसरूच शकत नाही. बाहेरून झाडूच्या काड्या, बोटाएवढ्या कुरतडलेल्या. त्यांच्या आत पायपुसण्याचा काथ्या. त्याच्या आत बँकेच्या पत्राच्या बारीक पट्ट्या आणि लेकीच्या वहीत दाबून ठेवलेलं एक सुकं पान, आता नुसत्या शिरा उरलेलं. आणि अगदी आत, जिथे तो वेटोळं करून पडला होता, तिथे माझ्या शालीची लोकर. खरखरीत बाहेर, मऊ आत. दोन रात्री अंधारात घरभर फिरून त्याने सामान गोळा केलं होतं आणि जिथलं तिथे लावलंही होतं. मला काय हवंय याची यादीच त्याने लिहून ठेवली होती म्हणा ना.

उचलून पिंजऱ्यात ठेवला. पाच मिनिटांत तिसरी सळई. करकर. त्या रात्री कोणी हसलं नाही.

मला सांगा, या प्राण्याला आपण देतो काय? रंग. गुलाबी, निळा, पिवळा. जो जीव अंधारात जगतो, ज्याची नजर आधीच अधू, त्याला रंग! तो रंग आपल्यासाठी असतो, आपल्या दिवाणखान्यासाठी. त्याचं जग मिशांत आहे, नाकात आहे, पंजाच्या तळव्यात आहे. उंदीर चालताना मिशा सेकंदाला कितीतरी वेळा पुढेमागे हलवत समोरचं सगळं चाचपत जातो. उंदराच्या मेंदूत तर प्रत्येक मोठ्या मिशीसाठी वेगळा कप्पा असतो, अक्षरशः एका मिशीला एक, आणि हे १९७० पासून माहीत आहे. म्हणजे मिशा हे त्याचं वाचणं आहे. आणि आपण त्याला काय वाचायला देतो? गुळगुळीत प्लास्टिक. वरही तेच, खालीही तेच, बोगद्यातही तेच. पहिल्या पानापासून शेवटच्या पानापर्यंत एकच ओळ छापलेलं वर्तमानपत्र, आणि तेही रोज तेच.

पिंजऱ्यात खणायला, चाचपायला, कुरतडायला काहीतरी देणं, याला इंग्रजीवाले एन्रिचमेंट म्हणतात. मला तो शब्द पटत नाही. मूळ पगार दिलाय आणि वर थोडा बोनस, असं वाटतं ऐकताना. अरे, मूळ पगारच दिला नाहीये!

घराघरांतल्या सोनेरी हॅम्स्टरची मूळ कहाणी माहीत आहे ना? १९३० साली सीरियात अलेप्पोजवळच्या शेतात एक मादी आणि तिची पिल्लं सापडली, आज पाळलेले बहुतेक सगळे त्यांच्याच वंशातले. सापडली म्हणजे काय, जमीन खोल खणून बाहेर काढावी लागली. त्या मादीच्या खापरखापरपणतवंडांना आपण बोटभर भुशावर ठेवतो. तो बिचारा खणायला जातो आणि दोन हातांत प्लास्टिकचा तळ लागतो. मग चढतो सळयांवर. स्वित्झर्लंडमधल्या संशोधकांनी १०, ४० आणि ८० सेंटिमीटर खोल भुशात हॅम्स्टर ठेवून पाहिले. ज्यांना १० मिळाला ते सळया जास्त चावत बसले. यासाठी अभ्यास करावा लागला याचंच मला नवल वाटतं. माझ्या कपाटाचा खालचा खण उघडून दाखवला असता मी.

असो. चिडून उपयोग नाही, काय केलं ते सांगते.

सळयांचा पिंजरा काढून टाकला. काचेची जुनी मोठी टाकी आणली, वर जाळीचं झाकण. भुसा निम्म्याहून जास्त उंचीपर्यंत, आणि नुसता भुसा नाही. भुसा, सुकं गवत आणि फाडलेला कागद थर देऊन दाबत गेले, कारण नुसत्या भुशात बीळ टिकत नाही, ढासळतं. गवताने ते धरून राहतं. एका बाजूला नारळाचा काथ्या मोकळा करून पसरला. एका कोपऱ्यात वाळूचं पसरट भांडं, एक सपाट खडबडीत दगड, झाडाच्या सालीचा वाकलेला तुकडा, मूठभर शेवाळ, आणि वर कोरडी पानं, चांगली कुरकुरीत. प्रत्येक ठिकाणी पाय ठेवला की वेगळं काहीतरी लागलं पाहिजे, एवढाच नियम. ओलसर, कोरडं, टोचणारं, सरकणारं, गार, उबदार.

पहिल्या रात्री तो बाहेरच आला नाही. आम्ही चौघं टाकीभोवती बसून भुशाकडे बघत होतो. दीडच्या सुमाराला पानं हलली. नाक बाहेर. मिशा त्या सालीवरून फिरवत इंच इंच पुढे सरकत होता, इतका सावकाश की लेक म्हणाली, ‘आई, हा वाचतोय.’ दगडावर एक पाय ठेवला, काढला, परत ठेवला. मग वाळूत जाऊन असा लोळला, असा लोळला... त्याच्या पाठीला वाळू काय असते हे आठ महिन्यांत कळलंच नव्हतं. मी स्वयंपाकघरात जाऊन रडले. हसा हवं तर.

सतार बंद झाली. एका रात्रीत नाही, पंधरा-वीस दिवस तो काच उकरून बघायचा. सवय मोडायला वेळ लागतो. पण थांबला.

आता ज्यांना लगेच हे करायचंय त्यांच्यासाठी, कारण उत्साहात मीही गाढवपणा केलाय. मातीची छोटी कुंडी थेट भुशावर ठेवली होती, त्याने खालून पोखरलं आणि कुंडी खचली. तो दुसऱ्या टोकाला होता म्हणून वाचला. जड वस्तू तळावर किंवा भक्कम लाकडी पायांवर ठेवा, भुशावर नाही. बाजारात ‘घरट्यासाठी’ म्हणून मिळणारा मऊमऊ कापूस आणू नका, त्याचे धागे पायाला करकचून गुंडाळले जातात, पोटात गेले तर अडकतात. माझ्या शालीची लोकरही त्यातलीच, नशीब बलवत्तर म्हणून निभावलं. त्याजागी बिनवासाचा साधा टिशू पेपर फाडून टाका, लांब पट्ट्या तो स्वतः करतो. देवदार-पाइनचा सुवासिक भुसा नको, त्यांच्या श्वासाला त्रास होतो. आपल्याला छान वाटणारा वास बहुधा त्यांच्या मुळावर येतो. पानं-साली बाहेरून आणल्या तर फवारणी केलेल्या झाडाच्या नकोत, आणि आत टाकण्याआधी ओव्हनमध्ये तापवा नाहीतर चार दिवस फ्रीजरमध्ये ठेवा, म्हणजे किडे मरतात.

आणि एकाचं दुसऱ्याला लावू नका! हॅम्स्टरला वाळू चालते, पण पिठासारखी बारीक धूळ नको, ती छातीत जाते. चिंचिला म्हणून दाट लोकरीचा एक पाळीव प्राणी असतो, त्याला नेमकी तीच बारीक धूळ लागते, त्याची लोकर इतकी दाट की पाण्याने भिजली तर लवकर सुकत नाही. गिनीपिग बिळं खणत नाही, त्याला वीतभर भुशाचं कौतुक नाही. त्याला लपायला गवताचा ढीग हवा आणि पायाखाली मऊ जमीन. जाळीच्या तळावर उभं राहून राहून तळव्यांना जखमा होतात त्याच्या, त्या पाहवत नाहीत. घरातल्या उंदरांना दोरखंड, जुन्या कापडाचा झोपाळा, चढायला फांदी. जर्बिलला, म्हणजे वाळवंटी उंदराला, पुठ्ठा द्या आणि बाजूला व्हा. तो कोपऱ्यात तासन्‌तास उकरत बसतो ना, ती हौस नसते. बोगद्यातून आत शिरता येईल असं बीळ लहानपणापासून मिळालं तर त्याला ही सवय सहसा लागत नाही, हेही लोकांनी करून पाहिलंय.

हो, मान्य, मोठ्या टाकीला जागा लागते, सगळ्यांकडे नसते. मग पुठ्ठ्याचं खोकं तर असतं? कागद फाडून भरा, रात्री देखरेखीखाली त्यात सोडा.

हो, एवढ्या भुशात प्राणी दिसत नाही आणि मुलं नाराज होतात. होऊ देत. तो दिसण्यासाठी जन्माला आलेला नाही.

आणि दर आठवड्याला सगळं ओतून, साबणाने घासून, नवं कोरं भरणाऱ्या स्वच्छताप्रेमींनो! तुम्ही त्याचं घर धूत नाही, त्याची वही फाडता. त्याने अंगाच्या ग्रंथींनी ठिकठिकाणी आपला वास लिहून ठेवलेला असतो. मुतारीचा कोपरा तेवढा काढा, बाकी थोडं थोडं बदला, जुना मूठभर भुसा नव्यात मिसळा. ते जे पारदर्शक गोल चेंडू मिळतात, प्राण्याला आत टाकून घरभर घरंगळवायचे, त्याबद्दल तर मी बोलतच नाही. मिशा कुठे टेकत नाहीत, पायाला जमीन लागत नाही, आणि आपण टाळ्या वाजवतो.

रागारागात बरंच लिहिलं. मघाशी वर ‘प्रेमळ बाई’ लिहिलं ते मात्र मनापासून आहे. दुकानात तोच पिंजरा मिळतो, डब्यावर हसणाऱ्या हॅम्स्टरचं चित्र असतं, कोणाला शंका येणार? मला आली होती का?

उंदरांना गुदगुल्या केल्या की ते आनंदाने चिवचिवतात म्हणे, पण तो आवाज आपल्या कानांच्या पट्टीच्या वर असतो, ऐकू येत नाही. मी सारखा त्याचाच विचार करतेय आज. त्यांचं सुख आपल्याला ऐकू येत नाही, आणि त्रास ऐकू येतो तर आपण त्याला वाद्याचं नाव देतो.

हॅम्स्टर जगतो किती, दोन वर्षं, फार तर तीन. ढब्बू दोन वर्षांचा होऊन गेला. त्यातले आठ महिने तिसऱ्या सळईचे. म्हणजे तिसरा हिस्सा. हा हिशेब मी लेकीला कधी सांगितला नाही, पण ती आता मोठी आहे, वजाबाकी तिलाही येते. तो गेला तेव्हा भुसा उपसताना आतलं घरटं हाताला लागलं. बाहेर गवताच्या काड्या, मग काथ्या, मग कागद, मग टिशू. तोच क्रम.

ता. क. पोस्ट टाकून अर्धा तास झाला नाही तोच तिचा मेसेज आला : ‘अगं बाई, एवढं निबंध लिहिण्यापेक्षा फोन करायचास ना.’ बरोबर आहे तिचं. पोस्ट काढून टाकू का विचारलं, तर म्हणाली राहू दे, पण ओढणीचं लिहिलंस ते खोटं आहे, तो टॉवेल होता. मग विचारलं, भुसा किती खोल हवा. म्हटलं, निदान वीत-दीड वीत, जास्त जमला तर जास्त. रविवारी जातेय तिच्याकडे. माझी टाकी तशीही माळ्यावर पडून आहे.