वादमेळ्यावरच्या कॉमेंटला जरा लांबलेलं उत्तर

कॉमेंटखाली मावेना म्हणून इथे वेगळं टाकतोय. ज्यांनी मूळ भांडण वाचलं नाही त्यांच्यासाठी थोडक्यात: माझ्या कथेतल्या राज्यात दर पाच वर्षांनी वादमेळा भरतो, लांबून पंडित येतात, वाद रंगतात, बाहेर जत्रा, आणि मेळा उठेपर्यंत शहराचा कारभार मठातल्या दोन दंडधाऱ्यांच्या हातात. त्यावर तुमचं म्हणणं असं की विद्वानांची परिषद आणि गावची जत्रा यांची भेळ केलीय, पंडित वाद घालताना नाचल्यासारखे टाळ्या काय पिटतात, शहर काय चालवतात, फॅन्टसी आहे म्हणून काहीही खपवायचं का.

नाही, काहीही खपवायचं नाही, हे मान्यच. पण गंमत बघा, मी खरंच मनाने रचलेलं जे आहे, उडते दिवे, ती बोलणारी विहीर, त्याबद्दल तुम्ही चकार शब्द काढला नाहीत. तुम्हाला खटकलं ते सगळं मी खऱ्या जगातून उचललंय.

तिबेटची राजधानी ल्हासा, तिथलं मोनलाम घ्या. १४०९ मध्ये त्सोंगखापा या बौद्ध गुरूने जोखांग मंदिरात सुरू केलेला प्रार्थना-उत्सव, तिबेटी नववर्षाच्या पहिल्याच महिन्यात. नाव प्रार्थनेचं, पण पुढे गेशे ल्हारम्पा या सगळ्यात वरच्या पदवीची शेवटची परीक्षाही तिथेच व्हायला लागली, आणि परीक्षा म्हणजे पेपर लिहिणं नव्हे, भिक्षूंच्या तुडुंब गर्दीसमोर तोंडी वाद. उत्तर देणारा खाली बसलेला, प्रश्न विचारणारा उभा. प्रश्न संपला की उभा असलेला पाय जोरात आपटतो आणि उजवा तळहात डाव्यावर फाडकन मारतो, बसलेल्याच्या तोंडासमोरच. तो विचार करत रेंगाळला की आणखी टाळ्या. झाला तुमचा नाच! यूट्यूबवर व्हिडिओ आहेत, बघा एकदा, माझं वर्णन उलट मिळमिळीत वाटेल.

आणि जत्रा? पंधराव्या रात्री जोखांगभोवतीच्या बारखोर रस्त्यावर लोण्यात घडवलेल्या रंगीत आकृती मांडायचे, दिवे लागायचे, आणि ते बघायला सगळं शहर लोटायचं. म्हणजे दिवसा न्यायशास्त्र आणि रात्री लोण्याची फुलं, त्यात कुणालाच विसंगती वाटत नव्हती.

आता दंडधारी. द्रेपुंग मठाचे दोन शिस्तपाल मोनलाम चालू असताना ल्हासाचा ताबा घ्यायचे. दंड ते ठोठावणार, रस्ते झाडलेत का तेही तेच बघणार, सरकारी अधिकारी तोवर बाजूला. म्हणूनच हा उत्सव कुणाच्या हातात यावरून चांगलंच राजकारण झालंय. १४९८ मध्ये रिनपुंगपा या तिबेटी सत्ताधारी घराण्याने ल्हासा घेतल्यावर द्रेपुंग आणि सेरा या मठांच्या भिक्षूंना मोनलामची दारं बंद झाली, ती उघडली थेट १५१८ मध्ये. माझ्या कथेत सेनापती मेळ्याच्या किल्ल्या मागतो तो प्रसंग तुम्हाला "ओढूनताणून" वाटला ना, तो इथून आलाय. सध्याच्या दलाई लामांची ल्हारम्पाची परीक्षासुद्धा १९५९ च्या मोनलाममध्ये जोखांगलाच झाली आणि त्याच मार्चमध्ये त्यांना ल्हासा सोडावं लागलं. बाहेर तणाव, आत वाद चाललेला, असं मी लिहिलं असतं तर तुम्ही म्हणाला असतात अति झालं.

पाच वर्षांनीच का, हा तुमचा प्रश्न मात्र मला आवडला. ते हर्षवर्धनाकडून घेतलंय. तो प्रयागला दर पाच वर्षांनी मोठी दानसभा भरवायचा, ६४३ च्या सभेला ह्युएन त्सांग स्वतः हजर होता. पाच वर्षं खजिन्यात साठलेलं सगळं वाटून टाकायचं, अंगावरचे दागिने कपडे सुद्धा, मग बहिणीकडून, राज्यश्रीकडून, जुनं वस्त्र मागून घ्यायचं. दरवर्षी असं करून राज्य चालेल का? त्याच्या थोडं आधी कनौजला वादसभा झाली, तिथे ह्युएन त्सांग अठरा दिवस आव्हान देऊन बसला आणि कुणी पुढे आलंच नाही. पण त्याच्याविरुद्ध वावगं बोलेल त्याची जीभ छाटू, अशी राजाची दवंडीही होती म्हणे, ह्युएन त्सांगच्या चरित्रातच ती नोंद आहे. मग कोण येणार पुढे!

आणि लांब कशाला, आपलं पुणं. पेशवाईत श्रावणात पर्वतीच्या पायथ्याच्या रमण्यात दक्षिणेसाठी दूरदूरहून शास्त्री-वैदिक यायचे, विद्या बघून रक्कम ठरायची, गर्दी ही एवढी. पेशवाई गेली पण तो पैसा राहिला, त्यातूनच १८२१ मध्ये विश्रामबागवाड्यात संस्कृत पाठशाळा निघाली. विद्वान पैशासाठी रांगेत उभे राहणार नाहीत असं तुम्ही लिहिलंय, त्याला एवढंच उत्तर.

तर दंडधारी राहणार, टाळ्या राहणार, जत्रा तर राहणारच. एवढ्या लोकांच्या जेवणाचं काय हे तुम्ही विचारलंत ते पुढच्या भागात येतंय, तिथे कोठीघरावरूनच भांडण पेटतं. ते वाचा, मग परत या भांडायला.